शिशाच्या भट्टीपासून लिथियमच्या आगीपर्यंत : भारतातील बॅटरी-नियमनाची पंचवीस वर्षे

शिसे ३२७ अंश सेल्सिअसला वितळते. तांब्याला १०८५ अंश लागतात, लोखंडाला १५३८. हे आकडे शालेय पुस्तकातल्या तक्त्यात शेजारी शेजारी असतात, परंतु समाजात त्यांचे परिणाम फार वेगळे होतात. लोखंड वितळवायला कारखाना लागतो. शिशाला विटांची चूल, कोळसा आणि एखादा पंखा पुरतो. जुन्या बॅटरीतील शिशाच्या संयुगांपासून धातू काढण्यास अधिक तापमान लागते, पण तेही गावाबाहेरच्या साध्या भट्टीत गाठता येते. भारत सरकारने गेल्या पंचवीस वर्षांत बॅटरीविषयी जे नियम केले, त्यांच्या यशापयशाचे मोठे कारण या एका भौतिक गुणधर्मात आहे.

फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञ गास्तों प्लांते याने १८५९ मध्ये शिसे-आम्ल बॅटरी तयार केली. दीडशेहून अधिक वर्षांनंतरही मोटार, ट्रक, इन्व्हर्टर, मोबाइल मनोरे आणि असंख्य ई-रिक्षा तिच्यावरच चालतात. तिच्या वजनाचा निम्म्याहून मोठा भाग शिसे व त्याची संयुगे यांचा असतो, आणि शिसे गुणवत्ता न गमावता पुन्हा पुन्हा वापरता येते. त्यामुळे मेलेली बॅटरी कोणी उकिरड्यावर टाकत नाही. तिला भाव असतो. भंगारवाला ती दारात येऊन, रोख पैसे मोजून घेऊन जातो. प्रश्न सुरू होतो तो त्यानंतर. अनधिकृत भट्टीवर बॅटरीचे कवच कुऱ्हाडीने फोडतात, गंधकाम्ल नाल्यात किंवा मातीत ओततात आणि पत्रे भट्टीत टाकतात. धुरातून बाहेर पडलेली शिशाची बारीक धूळ अंगणात, पिकांवर आणि मुलांच्या हातांवर बसते.

शरीरात शिसे कॅल्शियमचे सोंग घेते. दोन्ही आयनांवर दोन धन प्रभार असतात. शरीराच्या ज्या वाटांनी कॅल्शियम जाते, त्याच वाटांनी शिसे हाडांत आणि वाढत्या मेंदूत शिरते. मुलांची आकलनशक्ती त्याने कायमची घटते. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते शिशाची सुरक्षित म्हणावी अशी कोणतीही ज्ञात पातळी नाही.

या धातूवर कायद्याचा हात पडला तो वळणावळणाने. डिसेंबर १९८४ मधील भोपाळ दुर्घटनेनंतर संसदेने पर्यावरण (संरक्षण) अधिनियम, १९८६ संमत केला. बॅटरीविषयीची पुढील प्रत्येक नियमावली याच अधिनियमाखाली निघाली आहे. १९८९ मध्ये घातक कचऱ्याविषयीचे नियम आले आणि त्याच वर्षी बाझेल करार झाला. घातक कचरा श्रीमंत देशांतून गरीब देशांत लोटला जाऊ नये, हा त्याचा हेतू. भारताने तो १९९२ मध्ये स्वीकारला. तरीही पुनर्चक्रणाच्या नावाखाली परदेशी घातक कचरा भारतीय बंदरांत येतच राहिला. १९९५ मध्ये हा प्रश्न एका जनहित याचिकेतून सर्वोच्च न्यायालयात पोहोचला आणि १९९७ मध्ये न्यायालयाने एक उच्चाधिकार समिती नेमली. समितीचे अध्यक्ष होते प्रा. एम. जी. के. मेनन. विश्वकिरणांचे हे अभ्यासक होमी भाभांनंतर मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेचे संचालक झाले होते. आयुष्याच्या उत्तरार्धात त्यांच्याकडे बंदरांतल्या विषारी पिंपांचा हिशेब आला. या प्रकरणातील प्रमुख निकाल १४ ऑक्टोबर २००३ रोजी लागला.

त्याच दशकात शिशाचा दुसरा मोठा स्रोत बंद होत होता. १९९५ मध्ये चार महानगरांत शिसेविरहित पेट्रोल मिळू लागले, आणि १ फेब्रुवारी २००० पासून ते देशभर अनिवार्य झाले. या संक्रमणाच्या काळातच बंगळुरूच्या जॉर्ज फाउंडेशनने मुंबईसह अनेक शहरांतील मुलांच्या रक्ताची तपासणी करवली. तपासलेल्या बारा वर्षांखालील मुलांपैकी निम्म्याहून अधिक मुलांच्या रक्तात दर डेसिलिटरमागे १० मायक्रोग्रॅमपेक्षा जास्त शिसे आढळले. पेट्रोलमधून शिसे गेले, तेव्हा शिशाचा मुख्य वापर उरला तो बॅटरीत.

१६ मे २००१ रोजी केंद्रीय पर्यावरण व वन मंत्रालयाने बॅटरी (व्यवस्थापन व हाताळणी) नियम अधिसूचित केले. बॅटरी या वस्तूसाठी केलेले देशातले हे पहिले स्वतंत्र नियम. ते केवळ शिसे-आम्ल बॅटरीपुरते होते. उत्पादक, आयातदार, जुळणी करणारे आणि दुरुस्ती करणारे यांनी विकलेल्या नव्या बॅटरींच्या प्रमाणात जुन्या परत घ्याव्यात, असा त्यांचा गाभा होता. पहिल्या वर्षी ५० टक्के, दुसऱ्या वर्षी ७५ टक्के आणि तिसऱ्या वर्षानंतर ९० टक्के असे उद्दिष्ट ठरले. जुनी बॅटरी देणाऱ्या ग्राहकाला विक्रेत्याने सूट द्यावी, गोळा झालेली बॅटरी नोंदणीकृत पुनर्चक्रण केंद्राकडेच जावी आणि दर सहा महिन्यांनी विवरणपत्र भरावे, अशी तरतूद होती. २०१० मध्ये दुरुस्ती होऊन विक्रेत्यांची नोंदणीही आवश्यक झाली.

कागदावर ही योजना नेटकी होती, परंतु तिने प्रश्न चुकीच्या ठिकाणी पाहिला. बॅटरी गोळा होत नाही, असे तिने गृहीत धरले. प्रत्यक्षात शिसे-आम्ल बॅटरी जवळजवळ सर्वच गोळा होत होत्या. त्या कोणत्या भट्टीत जातात, हा खरा प्रश्न होता. धूर गाळणारी यंत्रणा, आम्लाची प्रक्रिया, कामगारांची रक्ततपासणी आणि कर हा सारा खर्च अधिकृत केंद्राला करावा लागतो. तो वाचवणारी भट्टी भंगाराला अधिक भाव देऊ शकते. या स्पर्धेत प्रामाणिक केंद्र हरते, कारण दुसऱ्या बाजूचा खर्च वस्तीतली मुले भरतात. शिवाय नियमांत मोजणी होती ती बॅटरीच्या नगांची, आणि ती भरणारा स्वतः उत्पादकच होता. किती शिसे विकले गेले आणि किती परत धातू झाले, याचा ताळेबंद मांडण्याची सोय त्यात नव्हती.

जुलै २०२० मध्ये युनिसेफ आणि प्युअर अर्थ या संस्थांचा अहवाल आला. त्याच्या अंदाजानुसार जगातील सुमारे ८० कोटी मुलांच्या रक्तात दर डेसिलिटरमागे ५ मायक्रोग्रॅम किंवा अधिक शिसे आहे, आणि त्यांपैकी २७ कोटींहून अधिक मुले भारतातील आहेत. शिसे-आम्ल बॅटरींचे बेकायदा व निकृष्ट पुनर्चक्रण हे त्यामागील एक प्रमुख कारण म्हणून नोंदवले गेले. पेट्रोल शिसेमुक्त होऊन तेव्हा वीस वर्षे झाली होती, बॅटरी-नियमांना एकोणीस.

दरम्यान बॅटरीच बदलली होती. १९९१ मध्ये लिथियम-आयन घट बाजारात आला. प्रथम तो कॅमेऱ्यात व फोनमध्ये होता, मग वाहनांत आला. २००१ च्या नियमांना हा घट दिसतच नव्हता, कारण त्यात शिसे नाही. त्याचे धोकेही वेगळे आहेत. घटाच्या एखाद्या भागात उष्णता वाढली की आतील रासायनिक थर विघटित होऊ लागतात आणि त्यातून आणखी उष्णता निघते. ती निर्माण होण्याचा वेग तापमानाबरोबर घातांकी वाढतो, तर बाहेर जाण्याचा वेग साधारणतः तापमानातील फरकाच्या प्रमाणातच वाढतो. एका बिंदूनंतर दोन्हींचा मेळ तुटतो. मग विभाजक पडदा वितळतो, धनाग्राच्या काही प्रकारांतून ऑक्सिजन सुटतो आणि घट स्वतःचा ज्वालक बनतो. शेजारचे घट तापतात आणि साखळी सुरू होते. यालाच थर्मल रनअवे म्हणतात.

२०२२ च्या मार्च-एप्रिलमध्ये भारताने ही साखळी रस्त्यावर पाहिली. पुण्यात विजेवर चालणारी एक दुचाकी पेटल्याची चित्रफीत देशभर फिरली. त्याच दिवसांत तमिळनाडूतील वेल्लोर येथे अशाच आगीत वडील व मुलगी मृत्युमुखी पडले. नाशिकजवळ वाहतुकीत असलेल्या अनेक दुचाकी जळाल्या. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाने तज्ज्ञांची समिती नेमली. तिचे अध्यक्षपद हैदराबाद येथील प्रगत संशोधन केंद्राचे संचालक टाटा नरसिंग राव यांच्याकडे होते. तिच्या शिफारशींवरून ऑगस्ट २०२२ अखेर ‘एआयएस-१५६’ आणि ‘एआयएस-०३८’ या मानकांत दुरुस्त्या झाल्या. ही मानके पुण्याची ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया प्रसिद्ध करते. घट, बॅटरी-व्यवस्थापन प्रणाली, चार्जर आणि बॅटरी-संचाची रचना यांवर नवे निर्बंध आले. एका घटातील अंतर्गत शॉर्ट सर्किटमुळे पेटलेली आग पसरते का, याची चाचणीही आली. अंमलबजावणी दोन टप्प्यांत ठरली, १ डिसेंबर २०२२ आणि ३१ मार्च २०२३. या मानकांनी आगीचा प्रश्न तत्त्वाच्या जागी पकडला. एखादा घट बिघडणारच, हे गृहीत धरून बिघाड शेजारी जाऊ न देण्याची जबाबदारी त्यांनी रचनेवर टाकली.

त्याच महिन्यात, २२ ऑगस्ट २०२२ रोजी, पर्यावरण मंत्रालयाने बॅटरी कचरा व्यवस्थापन नियम अधिसूचित केले आणि २००१ चे नियम संपुष्टात आले. आता रसायन, आकार, वजन कोणतेही असो, वाहनांच्या, औद्योगिक, विजेवरील वाहनांच्या आणि हातात मावणाऱ्या अशा सर्व बॅटरी नियमांच्या कक्षेत आल्या. संरक्षण व अवकाश क्षेत्रांतील बॅटरी तेवढ्या वगळल्या गेल्या. पायाभूत कल्पना विस्तारित उत्पादक उत्तरदायित्वाची आहे. १९९० मध्ये स्वीडनचे थॉमस लिंडक्विस्ट यांनी ती मांडली. वस्तू विकली की उत्पादकाचे कर्तव्य संपत नाही, तिच्या शेवटापर्यंत ते त्याच्याकडेच राहते, असा तिचा आशय.

या नियमांत मोजमापाचे एककही बदलले. नगांऐवजी वजन आले. विजेवरील वाहनांच्या व हातात मावणाऱ्या बॅटरींतून २०२४-२५ मध्ये ७० टक्के, पुढच्या वर्षी ८० टक्के आणि २०२६-२७ पासून ९० टक्के पदार्थ परत मिळवावेत, असे उद्दिष्ट आहे. वाहनांच्या व औद्योगिक बॅटरींसाठी ते ५५ टक्क्यांपासून ६० टक्क्यांपर्यंत जाते. नव्या बॅटरीत पुनर्चक्रित पदार्थ किती असावा, हेही ठरले. विजेवरील वाहनांच्या बॅटरीत २०२७-२८ मध्ये ५ टक्के आणि २०३०-३१ मध्ये २० टक्के. कचरा जमिनीत पुरण्यास किंवा जाळण्यास मनाई झाली. पुनर्चक्रण केंद्राने प्रक्रिया केलेल्या राशीच्या आधारे केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या संकेतस्थळावर प्रमाणपत्रे निर्माण होतात आणि उत्पादक ती विकत घेऊन आपले उद्दिष्ट पूर्ण करतो.

या व्यवस्थेचा एक गुण सहज ध्यानात येत नाही. लोह-फॉस्फेट प्रकारच्या लिथियम बॅटरीत कोबाल्ट व निकेल नसतात, म्हणून तिच्या भंगाराला फारसा भाव नाही. शिशाच्या नेमकी उलट ही स्थिती आहे. येथे गोळा होणे हाच प्रश्न आहे. प्रमाणपत्राला किंमत आल्याने अशा भंगारालाही किंमत येऊ शकते.

पण प्रमाणपत्र हा धातू नव्हे. प्लॅस्टिकसाठी अशीच व्यवस्था सुरू झाल्यावर २०२३ मध्ये मंडळाच्या तपासणीत मोजक्या पुनर्चक्रण उद्योगांनी निर्माण केलेली सुमारे ६ लाख बनावट प्रमाणपत्रे उघडकीस आली. पदार्थाच्या अक्षय्यतेचा नियम प्रयोगशाळेत मोडता येत नाही, संकेतस्थळावर मात्र मोडता येतो. दंडाचे स्वरूपही बदलले आहे. जनविश्वास अधिनियम, २०२३ मुळे पर्यावरण अधिनियमाच्या उल्लंघनासाठी असलेल्या कारावासाची जागा १० हजार ते १५ लाख रुपयांच्या दंडाने घेतली. आणि नोंदणी नसलेल्या भंगारवाल्याला अधिकृत साखळीत कसे आणावे, याचा मार्ग नियमावलीत आखलेला नाही. त्याचे पोट त्याच भंगारावर आहे, हे वास्तव मात्र जागेवरच आहे.

पुढची पावले ताजी आहेत. फेब्रुवारी २०२५ च्या दुरुस्तीने उत्पादकाची नोंदणी क्यूआर संकेतातून बॅटरीवर किंवा वेष्टनावर दाखवण्याची मुभा दिली. सप्टेंबर २०२५ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने महत्त्वाच्या खनिजांच्या पुनर्चक्रणासाठी १५०० कोटी रुपयांची प्रोत्साहन योजना मंजूर केली. युरोपीय संघात फेब्रुवारी २०२७ पासून विजेवरील वाहनांच्या प्रत्येक बॅटरीला स्वतंत्र डिजिटल पारपत्र असेल. जुन्या बॅटरीकडे पाहण्याची दृष्टी विषाकडून खाणीकडे वळते आहे.

या वळणात शिसे मागे पडण्याचा धोका आहे. लिथियमला प्रोत्साहन आहे, गुंतवणूक आहे, बातमी आहे. शिशाची भट्टी जुनी आहे आणि तिच्या धुराला चित्रफीत मिळत नाही. २०२२ च्या नियमांची परीक्षा संकेतस्थळावरील टक्केवारीत होईल, असे सामान्यतः मानले जाते. ती अपुरी आहे. मुलांच्या रक्तातील शिशाची देशव्यापी, नियमित तपासणी भारतात अद्याप होत नाही. अशी तपासणी सुरू झाली, तर कोणत्या जिल्ह्यात बॅटरी कोणत्या भट्टीत जातात, हे कोणत्याही विवरणपत्राशिवाय कळेल. रक्ततपासणीत बनावट प्रमाणपत्र चालत नाही.