स्लाइडरूल आणि दशांशचिन्ह

सांगलीच्या विश्रामबागेत दशांशांचा गुणाकार आम्ही दोनदा शिकलो. आधी विलिंग्डन कॉलेजात लॉगटेबलवर, मग वालचंद कॉलेजात सिव्हिलला, साठच्या दशकाच्या शेवटी, स्लाइडरूलवर. विलिंग्डन १९१९ चे. वालचंद १९४७ साली न्यू इंजिनिअरिंग कॉलेज म्हणून धोंडूमामा साठ्यांनी काढले. १९५५ मध्ये त्याला आजचे नाव मिळाले.

आमच्या आधीच्या पिढीचे हिशेब पावकी, निमकी, पाऊणकी, दिडकीवर चालत. सांगलीच्या हळदपेठेला तेवढे पुरत होते. मोठ्या संख्यांसाठी एकं, दहं, शतं होतेच. भास्कराचार्यांनी लीलावतीत ही नावे परार्धापर्यंत दिली आहेत, प्रत्येक स्थान मागच्याच्या दसपट. पण पोलाद एक अंश सेल्सिअस तापले की आपल्या लांबीच्या सुमारे ०.००००१२ पट वाढते. पावकी-निमकीत हा आकडा बसवायचा कसा? तो १.२ गुणिले दहाचा उणे पाचवा घात असाच लिहावा लागतो.

स्लाइडरूलवर दशांशचिन्ह नसते. १.२, १२० आणि ०.००००१२ यांची जागा एकच. सरकपट्टीवरचा १ खालच्या पट्टीवरच्या १.२ वर आणायचा, काचेचा कर्सर १.३ वर न्यायचा, खाली १.५६ वाचायचे. लांब्यांची बेरीज म्हणजे लॉगॅरिदमची बेरीज. नेपिअरने १६१४ मध्ये लॉगॅरिदम मांडले आणि काही वर्षांतच ऑट्रेडने ते पट्ट्यांवर उतरवले. दहाच्या घातांचा हिशेब मात्र आपण वेगळा, कागदाच्या कडेला करायचा.

आमच्या ब्रॉडगेजच्या उदाहरणात रूळ १३ मीटरचा आणि तापमानातला फरक ३० अंश असे. १.२, १.३ आणि ३ यांचा गुणाकार ४.६८. घात उणे पाच, अधिक एक, अधिक एक. म्हणजे उणे तीन. वाढ ४.६८ मिलिमीटर. घात एकाने कमी धरला तर उत्तर अर्धा मिलिमीटर येईल, आणि दोन रूळ जोडणाऱ्या फिशप्लेटच्या सांध्यात तेवढीच फट सोडली तर वैशाखात रूळ वाकतील. विश्रामबाग स्टेशनजवळ गाडीचा खडखडाट ऐकला की मला आजही ती फट दिसते.

लॉगटेबलमध्ये हाच उणे घात आकड्यावरची आडवी रेघ, म्हणजे बार, होऊन येई. ०.००४२ चा लॉग बार थ्री पॉइंट सिक्स टू थ्री टू. त्यात ३६५ चा २.५६२३ मिळवला की दशांशांच्या बेरजेतून हातचा एक येतो: उणे तीन, अधिक दोन, अधिक एक. शून्य. म्हणून गुणाकाराचे उत्तर १.५३३. हा हातचा ज्याला कळला त्याला घातांक कळला, असे मी ठामपणे म्हणेन.

दशमान पद्धतीने हे सगळे फार सोपे केले. १९५६ च्या कायद्याने मेट्रिक मापे टप्प्याटप्प्याने आली, १९५७ मध्ये नवे पैसे आले. मीटरचे मिलिमीटर करायला घातात तीन मिळवले की झाले. फुटाचे इंच करताना बाराने गुणावे लागे, आणि बारा काही दहाचा घात नव्हे.

१९७२ मध्ये एचपी-३५ हा खिशातला सायंटिफिक कॅल्क्युलेटर बाजारात आला आणि पुढच्या काही वर्षांत स्लाइडरूल संपली. कॅल्क्युलेटर दहा अंक दाखवतो. स्लाइडरूल तीनच द्यायची. पण रुळाचे तापमान मोजायचे ते अंशा-दोन अंशांच्या अंदाजाने. त्या कामाला तीन अंक पुरेसे होते, आणि घात तर आम्ही स्वतःच मोजलेला असायचा.