मागाखालचा खड्डा

सोलापूर बघायला आलेला पाव्हणा आधी सिद्धेश्वराच्या तळ्यावर जातो, मग भुईकोट किल्ल्यात. जावंच. बाराव्या शतकातल्या सिद्धरामेश्वरांचं हे गाव. किल्ल्याच्या तटात जुन्या देवळांचे कोरीव दगड बसवलेले दिसतात. राज्यं कशी उलटली-पालटली, ते तो तट सांगतो. पण राबणाऱ्या माणसाचा इतिहास बघायचा असंल तर भवानी पेठेत यावं.

इथल्या विणकराच्या जुन्या घरात पहिला मान मागाला. चूल, देव, अंथरूण-पांघरूण सगळं मागं. पुढची मोठी खोली मागाची. जमिनीत खड्डा, त्यात पाय सोडून विणकर बसायचा. पाय पावड्यांवर, हात धोट्यावर.

"मामा, घरातच खड्डा कशाला?" मी एका म्हाताऱ्या विणकराला विचारलं होतं.

"पाटील, आपल्याकडचा उन्हाळा कोरडा. सूत वाळलं की तटातट तुटतंय. भुईची ओल असली की मऊ राहतंय."

मला लगेच उमगलं. आम्ही वापसा बघून पेरतो, हे वापसा बघून विणत होते. घर बांधणाऱ्यानं आधी सुताची सोय बघितली, मग माणसाची.

ही माणसं आली कुठून? पुष्कळशी पद्मशाली घरं निजामाच्या तेलंगणातनं आली. 1877 साली सोलापुरात पहिली कापडगिरणी उभी राहिली, ती आजची 'जुनी गिरणी'. तो काळ मोठ्या दुष्काळाचा. पुढंही रान करपलं की शेतकऱ्याची पोरं गिरणीची वाट धरायची. म्हणून ह्या पेठेत घरात तेलुगू, बाजारात मराठी आन् शेजारी कानडी. नारळी पौर्णिमेला मार्कंडेयाचा रथ निघतो. कोजागिरीला तेच लोक आमच्यासंगं तुळजापूरला चालत येतात. पेठेतली रूपाभवानी सगळ्यांचीच.

हे सगळं कापडातही उतरलं. आमच्या आईचं इरकल नेसायचं; नाव कर्नाटकातल्या इलकल गावाचं, विणणारे हात तेलुगू, नेसणारी मराठी. मग यंत्रमाग आले, जॅकार्डची चादर आली. भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ वर फिरते, आन् कुठला धागा उचलायचा ते भोक ठरवतं. एका अंगाला लाल भुईवर पिवळा मोर. चादर उलटी केली की पिवळ्या भुईवर लाल मोर. आमच्याकडं लग्नात अशी चादर दिल्याबिगर आहेर पुरा होत नव्हता. पुढं तिला भौगोलिक मानांकनही मिळालं.

आता हातमागाची खटखट क्वचित ऐकू येते. खड्डे बुजवून वर फरशी बसली, जुनी घरं पाडून मजले चढले. त्यात त्या लोकांचा दोष न्हाई; पोट भरंना तर माग कोण जपील? पण किल्ल्याच्या दगडाला सरकारचा पहारा आहे, मागाच्या खड्ड्याला कुणी न्हाई. पेठेतलं एक तरी घर मागासकट, खड्ड्यासकट राखावं. न्हाईतर उद्याच्या पोराला चादर दिसंल, पण ती विणताना माणूस कमरेपर्यंत भुईत बसत होता, हे त्याला सांगूनही खरं वाटणार न्हाई.