'वरून आदेश आहे' एवढ्यावर परवाना नाकारता येतो का?

बेकरी, लूम, वेल्डिंगचं दुकान, पिठाची गिरणी. आपल्या वस्त्यांतले असे कितीतरी छोटे धंदे महानगरपालिकेच्या परवान्यावर चालतात. परवाना अडला की खिडकीवर उत्तर मिळतं ते तोंडी: 'तक्रार आली आहे', 'वरून आदेश आहे, आमच्या हातात काही नाही'. लेखी काहीच नाही. अशा उत्तराला कायद्यात किती किंमत आहे, ते आम्ही इथे मांडत आहोत.

मालेगाव, भिवंडी, सोलापूरसारख्या शहरांना महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, १९४९ लागू आहे. यंत्रशक्तीवर चालणारा नवा कारखाना किंवा बेकरी सुरू करायला कलम ३१३ नुसार आयुक्तांची लेखी परवानगी लागते. धोक्याच्या किंवा उपद्रव होऊ शकेल अशा धंद्यांना कलम ३७६ चा परवाना. मुंबईला १८८८ चा वेगळा कायदा आहे, तिथली कलमं ३९० आणि ३९४. दोन्हीकडे निर्णयाचा अधिकार आयुक्तांचा किंवा त्यांनी नेमून दिलेल्या अधिकाऱ्याचा. नगरसेवकाचा नाही, आणि तक्रार करणाऱ्या शेजाऱ्याचा तर नाहीच.

याबाबतचा सुप्रीम कोर्टाचा जुना निकाल मुंबईचाच आहे. १९४७ साली अंधेरीत सिनेमागृह बांधायला पोलीस आयुक्तांनी परवानगी दिली आणि त्याच वर्षी ती रद्द केली. रद्द केल्याच्या पत्रात लिहिलं होतं की, सरकारच्या निर्देशावरून हे कळवत आहोत. पुढे कोर्टात मात्र आयुक्तांचं म्हणणं असं की, निर्णय माझाच होता. 'पोलीस आयुक्त विरुद्ध गोरधनदास भानजी' या खटल्यात १९५१ साली कोर्टाने ते मानलं नाही. अधिकार आयुक्तांना दिला आहे तर विचार त्यांनीच करायचा. सल्ला कुणाचाही घ्यावा, पण दुसऱ्याचा हुकूम पुढे ढकलता येत नाही. आणि आदेशाचा अर्थ त्यातल्या शब्दांवरून लावायचा, मागाहून दिलेल्या खुलाशावरून नाही. महिंदरसिंग गिल खटल्यात १९७७ साली कोर्टाने हेच आणखी ठाम केलं: आदेशात नसलेली कारणं नंतर प्रतिज्ञापत्रातून जोडता येत नाहीत.

एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवा. त्या अर्जदाराला कोर्टाने थेट परवाना दिला नाही; आयुक्तांनी स्वतःच्या बुद्धीने नव्याने ठरवावं, एवढंच सांगितलं. रीतसर सुनावणी होऊनही नकार येऊ शकतो. धूर, आग, सांडपाणी ही खरी कारणं आहेत. पण मग ती लिहून द्यावी लागतात, आणि चालू परवाना रद्द करायचा असेल तर आधी नोटीस देऊन आपलं ऐकावं लागतं. शेजाऱ्याच्या तक्रारीवर कारवाई होत असेल तर तिची प्रत मागा. तक्रारीत काय आहे हेच ठाऊक नसेल तर खुलासा कशाचा करणार?

व्यवहारात सगळी लढाई कागदाची असते. तोंडी नकारावर अपील करणं फार अवघड जातं. म्हणून अर्ज आवक-जावकमध्ये द्या, पोच घ्या, तारीख बघून घ्या. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली ती सेवा अधिसूचित असेल, तर ठरलेल्या मुदतीत परवाना द्यावा लागतो, नाहीतर नकार कारणासह लेखी कळवावा लागतो. अपील कुणाकडे करायचं तेही त्यातच सांगावं लागतं. पहिल्या अपिलाला ३० दिवस असतात. सबळ कारण नसताना टाळाटाळ करणाऱ्या अधिकाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो.

नूतनीकरणाचं तर लोक उगाच घाबरून घेतात. १९४९ च्या कायद्याच्या कलम ३८६ मध्ये सोय आहे: नूतनीकरणाचा अर्ज दिलेला असेल, तर त्यावर आदेश येईपर्यंत परवाना चालू आहे असं धरून काम करता येतं. नुसती फी भरल्याची पावती म्हणजे परवाना नव्हे, हेही त्याच कलमात आहे. तेव्हा पावतीसोबत अर्जाची शिक्का मारलेली प्रतही दुकानातच ठेवा. तपासणीला माणूस येतो तेव्हा ती घरच्या कपाटात असून उपयोग नसतो.