१८ जुलै : क्रिकेटपटू मुख्याध्यापक ह्यूबर्ट डॉगर्ट

इंग्लंडचे क्रिकेटपटू आणि शिक्षक ह्यूबर्ट डॉगर्ट यांचा आज जन्मदिन (१९२५). महायुद्धातील सैन्यसेवेनंतर ते केंब्रिजला शिकायला आले आणि १९४८ मध्ये पहिल्याच प्रथम श्रेणी सामन्यात त्यांनी लँकेशायरविरुद्ध नाबाद २१५ धावा ठोकल्या.

मराठी वाचकाला मात्र त्यांची मे १९४९ मधली खेळी जास्त जवळची वाटेल. केंब्रिजच्या फेनर्स मैदानावर एसेक्सविरुद्ध त्यांनी जॉन ड्यूज यांच्यासह दुसऱ्या गड्यासाठी ४२९ धावांची अभंग भागीदारी केली. डॉगर्ट नाबाद २१९, ड्यूज नाबाद २०४. त्यानंतर डाव घोषित झाला. दुसऱ्या गड्यासाठीचा तेव्हाचा विश्वविक्रम होता ४५५ धावांचा. जेमतेम पाच महिन्यांपूर्वी पुण्यात काठियावाडविरुद्ध महाराष्ट्राच्या भाऊसाहेब निंबाळकर आणि कमल भांडारकर यांनी रचलेला. फक्त २६ धावा कमी पडल्या आणि विक्रम पुण्याकडेच राहिला.

कसोटीत डॉगर्ट फारसे रमले नाहीत. १९५० मध्ये वेस्ट इंडिजविरुद्ध दोन सामने, बस्स. १९५४ मध्ये त्यांनी ससेक्सचे नेतृत्व केले. पण पोटापाण्याचा व्यवसाय शिक्षकाचाच. स्वतः शिकलेल्या विंचेस्टर शाळेत त्यांनी अध्यापन केले आणि १९७२ ते १९८५ ब्रूटनच्या किंग्ज स्कूलचे मुख्याध्यापकपद सांभाळले. मुख्याध्यापक असतानाच १९८१-८२ मध्ये ते एमसीसीचे अध्यक्षही होते. जोडीदार ड्यूजही पुढे शिक्षकच झाले. सिडनीच्या बार्कर कॉलेजचे ते मुख्याध्यापक होते. डॉगर्ट यांचे १६ फेब्रुवारी २०१८ रोजी निधन झाले.