वेतोबाची केळी

आमच्या घरी देव्हाऱ्याच्या खालच्या फळीवर एक काचेची बाटली असायची. तिच्यात मूठभर मीठ. मे महिन्याच्या सुट्टीत आम्ही मुंबईची मुलं घरी आलो की पाहुण्यांसमोर ती बाटली खाली निघायची, आजोबा ती धोतराच्या सोग्याने पुसायचे आणि म्हणायचे, "शिरोड्याचां मीठ. तीस सालचां." पाहुणे बाटलीला हात लावून तो कपाळाला लावायचे. मीही लावलाय.

शिरोडा आमच्या घरापासून चालत तासाभराच्या वाटेवर. वेंगुर्ले तालुक्याचं हे दक्षिण टोक. पुढे रेडी, मग तेरेखोलची खाडी, आणि खाडीपलीकडे तेव्हा पोर्तुगीजांचा गोवा. भरतीचं पाणी वाफ्यांत घ्यायचं, उन्हात आटवायचं आणि खाली बसलेलं मीठ ओढून त्याच्या राशी घालायच्या, हा तिथला पिढीजात धंदा. ६ एप्रिल १९३० ला गांधींनी दांडीला मीठ उचललं, ४ मेच्या मध्यरात्रीनंतर त्यांना पकडलं आणि त्याच महिन्यात शिरोड्याची मिठागरं सत्याग्रह्यांनी भरून गेली. हंगाम शेवटाला आलेला. चार सरी पडल्या असत्या तर कायदा मोडायला मीठच उरलं नसतं, असं आजोबा सांगायचे. ते चौदा वर्षांचे होते, त्यांच्याकडे पाणी पाजायचं काम होतं. कळशी डोक्यावर घेऊन वाफ्यांच्या बांधावरून जायचं आणि लाठी बसलेल्यांना आधी पाजायचं. एका माणसाच्या मुठीतलं मीठ शिपाई बोटं पिरगाळून सांडत होता आणि तो माणूस मूठ काही सोडत नव्हता, एवढं सांगितलं की त्यांचा आवाज बसायचा. मग त्यांनी टोपीत मीठ भरलं आणि घराकडे धूम ठोकली.

या सत्याग्रहाचे पुढारी अप्पासाहेब पटवर्धन. आमच्याकडे नुसते 'अप्पा'. पूर्ण नाव सीताराम पुरुषोत्तम पटवर्धन, जन्म १८९४ चा, रत्नागिरीकडचे. पुण्यात प्राध्यापकी केलेला हा माणूस ती सोडून गांधींकडे गेला आणि परत आला तो कोकणातच काम करायला. गांधींच्या आत्मकथेचा मराठी अनुवाद त्यांचाच. पुढे लोक त्यांना 'कोकणचे गांधी' म्हणू लागले. असल्या पदव्यांनी माणूस एकदा तसबिरीत गेला की सुटतो, आपणही सुटतो. आजोबांचे अप्पा तिथेच, मिठागराच्या बांधावर थांबले होते. तीस सालच्या पुढे ते जात नसत.

पुढचे अप्पा मला सांगितले आजीने. ते फार नंतर, आजोबा गेल्यावर. एका पावसाळ्यात बाटली रिकामी दिसली. तळाला नुसतं पाणी. मी घाबरलो, कारण बाटली हाताळायची बंदी मी नुकतीच मोडली होती. आजी हसली. कोकणातल्या पावसात मिठाला पाणी सुटणारच. "दर वर्षी सुटता. तुझे आजोबा श्रावणात वाण्याकडसून आणून भरीत." म्हणजे मी कपाळाला लावत होतो ते वाण्याकडचं मीठ!

बाटली तिने पालथी घातली आणि म्हणाली, अप्पांची खरी आठवण हवी तर परसात जा.

परसात दोन चर होते. त्यांवर कुडाचा आडोसा, आणि पलीकडे केळींचं बन.

मी इथे थोडा मागे जातो, कारण या चरांची वाट रत्नागिरीच्या तुरुंगातून जाते. १९३२ साली अप्पा तिथे कैदी होते. तुरुंगात मैला साफ करायचं काम ठरावीक जातीच्या कैद्यांकडे असे, आणि ब्राह्मण कैद्याला ते द्यायचं नाही असा नियमच होता. अप्पांनी ते काम मागितलं. अधिकाऱ्यांनी नाकारलं. पुण्यात, येरवड्याला, गांधी होते. अस्पृश्यांच्या मतदारसंघाच्या प्रश्नावरचा त्यांचा सप्टेंबरातला उपास, पुणे करार, हे सगळं अगदी ताजं. रत्नागिरीत अप्पांनी या कामासाठी अन्न सोडल्याचं कळलं तेव्हा ३ डिसेंबरला गांधींनी त्यांच्यासाठी स्वतः उपास धरला. दोन दिवसांत सरकार नमलं, आणि सवर्ण कैद्याने मागितलं तर हे काम त्याला देण्याची वाट मोकळी झाली. नाकारलेलं काम मिळावं म्हणून दोन तुरुंगांत दोन माणसं उपाशी बसली, ही गोष्ट मी शाळेच्या पुस्तकात कधी वाचली नाही. मीठ मात्र दर इयत्तेत होतं. मिठात एक सोय आहे. ते इंग्रजांच्या विरुद्ध होतं. मैल्याच्या बादलीत विरुद्ध पक्ष म्हणून आपलंच घर उभं.

अप्पा एवढ्यावर थांबले असते तरी आमच्या गावाने त्यांना सांभाळून घेतलं असतं. तुरुंगातलं तुरुंगात. पण ते बाहेर येऊन मेलेली ढोरं सोलायला बसले. १९२७ च्या मार्चमध्ये महाडच्या परिषदेनंतर डॉ. आंबेडकरांच्या सांगण्यावरून महार समाजाने मेलेली गुरं ओढायचं काम सोडायला सुरुवात केली होती. गावोगाव सवर्णांची तक्रार सुरू झाली की आता ढोर कुजतंय, करायचं काय? अप्पांचं उत्तर सरळ होतं: ज्याचं ढोर त्याने ओढावं. आणि नुसतं ओढून पुरून टाकू नये, कातडं कमवावं, हाडामांसाचं खत करावं. कणकवलीला त्यांच्या प्रयत्नांतून चर्मालय उभं राहिलं. ब्राह्मणाच्या हातात सुरी, आणि सुरीखाली बैल. आमच्या घरात हे ऐकून पणजीने कानांत बोटं घातली म्हणे.

गंमत अशी की आमच्या शेजारच्या आरवलीचा वेतोबा चामड्याच्या वहाणा घालतो. नवस फेडायला लोक त्याला हातभर लांबीच्या वहाणा वाहतात आणि केळ्यांचे घड. राखणदार देव, रात्री गावाभोवती फिरतो, म्हणून वहाणा झिजतात. आजीने मला त्यांचे झिजलेले तळ दाखवलेले आहेत. पणजी त्या वहाणांना हात लावून नमस्कार करायची. ते चामडं कोणी सोललं, कोणी कमावलं, कोणी शिवलं, हा प्रश्न देवळाच्या पायरीवर काढून ठेवलेला असे, आपापल्या चपलांबरोबर.

आणि तरी अप्पांची ही गोष्ट मी एकदा फार भक्तिभावाने सांगत असताना आमच्या गावच्या एका म्हाताऱ्याने मला थांबवलं. त्यांच्या घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या हेच काम होतं. ते म्हणाले, "आप्पान चामडां सोलल्यान तर पेपरात इलां. माझ्या आज्यान जन्मभर सोलल्यान, तेचां नाव कोणी इचारूक नाय." मी गप्प बसलो. म्हाताऱ्यांनी अप्पांना नावं ठेवली नव्हती. उलट "बरो माणूस," असंही पुढे म्हणाले. पण जो काम सोडू शकत नाही त्याचं काम आणि जो मागून घेतो त्याचं काम, बादली तीच असली तरी, एक नव्हे. अप्पांना हे कळत असावं असं मला वाटतं. नाहीतर त्यांनी आयुष्याची पुढची वर्षं सेवेचं कौतुक करून घेण्यात घालवली असती. ती त्यांनी बादलीच नाहीशी करायची कशी, या खटाटोपात घालवली.

तर ते दोन चर. १९४८ साली अप्पांनी कणकवलीजवळ वागदे इथे, गड नदीच्या काठी, गोपुरी आश्रम काढला. गायीगुरं, शेती, चामडं, आणि या सगळ्याइतकाच मानाचा विषय म्हणजे संडास. कोकणात तेव्हा बहुतेकांचा संडास म्हणजे काजूची जाळी किंवा व्हाळाचा काठ, आणि शहरात टोपलीचा. दोन्ही नकोत असा अप्पांचा हट्ट. त्यांची युक्ती अडाण्यालाही कळेल अशी होती. दोन खड्डे घ्यायचे. एक वापरायचा, दर वेळी वर माती नाहीतर पातेरा टाकायचा. भरला की बुजवायचा आणि दुसरा धरायचा. दुसरा भरेपर्यंत पहिल्यातलं सगळं कुजून काळी, भुसभुशीत, वास नसलेली माती झालेली असते. ती घरच्या माणसाने फावड्याने काढायची आणि माडाला, केळीला घालायची. कोणीही कोणाचा मैला उचलायचा नाही, कारण उचलण्यासारखा मैला उरतच नाही.

हे सांगायला पन्नासच्या दशकात आमच्या घरी एक माणूस आला होता. मला वाटायचं, स्वतः अप्पाच आले असणार. आजी ठामपणे मान हलवायची. "तो आप्पा नव्हतो, आप्पाचो माणूस होतो." तो गोपुरीत चामड्याचं काम करतो हे गावात आधीच पसरलेलं. पणजीने त्याला ओटीवर चढू दिलं नाही. खळ्यात बसवला आणि चहा दिला तो करवंटीतून. घरात कपबश्या होत्या, आजीने त्या धुऊनही ठेवल्या होत्या. त्या माणसाने चहा प्यायला, पन्हळीखालच्या पाण्याने करवंटी विसळली, गडग्यावर पालथी घातली आणि विचारलं, "खोरां आसा?" संध्याकाळपर्यंत पहिला चर खणून झाला होता. आजोबांनी दुसरा दुसऱ्या दिवशी खणला. मिठाच्या गोष्टीत पाणी पाजणारा हा माणूस, पाहुणा खणत असताना खळ्यात उभा राहिला असेल, ती संध्याकाळ त्यांनी कधी सांगितली नाही याचं मला पुढे नवल वाटेनासं झालं.

वर्षभराने चर उघडला. पणजीने त्या दिवशी घर सोडून भावाकडे मुक्काम केला. माती केळींना गेली आणि केळी अशा माजल्या की घडाच्या भाराने एक बुंधाच आडवा झाला. पण खाणार कोण? पणजी नाही, तिच्या धाकाने आजी नाही, मुलांना तर शपथ घातलेली. तेव्हा आजोबांनी एक काम केलं, ज्याबद्दल मी त्यांना वाण्याचं मीठ माफ करून टाकलंय. सगळ्यांत मोठा घड खांद्यावर मारला आणि आरवलीला जाऊन वेतोबापुढे ठेवला. गुरवाने गाऱ्हाणं घातलं, देवाने काही कौल फिरवला नाही. अर्धी फणी प्रसाद म्हणून घरी आली. आजोबा म्हणाले, "वेतोबाक चल्लां, मगे तुका कित्याक चलना नाय?" देवाचा प्रसाद टाकता येईना आणि केळं कुठलं ते विसरता येईना. पणजीने शेवटी मागच्या दारात उभं राहून, भिंतीकडे तोंड करून, एक केळं खाल्लं. आजी सांगायची, साल टाकताना ती एवढंच बोलली: "गोड आसा."

अप्पा १९७१ मध्ये गेले. 'माझी जीवनयात्रा' हे त्यांचं आत्मचरित्र आमच्या गावच्या वाचनालयात आहे. त्यांच्या खटाटोपाचा धागा कोकणाबाहेर कुठवर गेला ते मात्र मला फार उशिरा कळलं. पुण्याजवळच्या देहूच्या सरकारी दवाखान्यात डॉ. मापुसकर नावाचे तरुण डॉक्टर होते. गावात संडास बांधता बांधता ते अप्पांपर्यंत पोचले, आणि संडासाला जोडलेल्या गॅसच्या टाकीचा अप्पांचा नमुना त्यांनी देहूत आणून पुढे सुधारत नेला. मैल्यावर चूल पेटते ही कल्पना तुकोबांच्या गावात रुजवायला डॉक्टरांनी उभा जन्म घातला. २०१७ साली त्यांना मरणोत्तर पद्मश्री मिळाली.

आमचे चर काकांनी घराची डागडुजी करताना बुजवले. आत टाइल्सचा संडास आला, बाहेर सेप्टिक टँक. गेल्या मे महिन्यात ती तुंबली. कुडाळकडून गाडी मागवली. गाडीबरोबर आलेला मुलगा विशीचा असेल. पाइप अडकला तेव्हा तो झाकण सरकवून आत वाकला, खांद्यापर्यंत. मी "आत उतरू नको," असं दोनतीनदा म्हणालो, आणि दर वेळी एक पाऊल मागे सरकलो.

काम झाल्यावर त्याला चहा दिला. कागदी कपातून. हल्ली आम्ही सगळ्यांनाच कागदी कप देतो.

चहा पिता पिता तो परसात फिरला. केळींच्या बनापाशी जमीन अजून दोन ठिकाणी खचलेली दिसते. त्याने विचारलं, हे काय. मी त्याला दोन खड्ड्यांचं सांगितलं, काळ्या मातीचं सांगितलं, वेतोबाला गेलेल्या घडाचंही सांगितलं. त्याने पायाने ती माती जराशी उकरली, वाकून चिमूट उचलली, नाकाशी नेली.

"वास नाय," तो म्हणाला. "मगे बुजवलास कित्याक?"