गोदावरीच्या मुखाशी चार दिवस

पैठणला जायकवाडीत अडवली गेलेली गोदावरी पुढे शहागडवरून जालना जिल्ह्याच्या दक्षिण सीमेने वाहते. हीच नदी समुद्राला कशी मिळते, हे पाहायला जालनेकरांना गाडीही बदलावी लागत नाही. नगरसोल-नरसापूर एक्स्प्रेस त्यांना थेट त्रिभुज प्रदेशात आणून सोडते.

धवळेश्वरम येथे आर्थर कॉटन यांनी १८५२ मध्ये बंधारा पूर्ण केला. आज त्याजागी नवे बॅरेज आहे. त्याखाली गौतमी आणि वसिष्ठा या मुख्य शाखा फुटतात. मधला नारळ-भाताचा मुलूख म्हणजे कोनसीमा. मार्गदर्शकासह निघालेल्यांनी नरसापूरहून वसिष्ठा ओलांडून प्रथम अंतर्वेदीचे नरसिंह मंदिर व नदीमुख पाहावे. पुढे फ्रेंचांची जुनी वसाहत यानम, मग काकीनाड्याजवळचे कोरिंगा अभयारण्य. येथे घाई करू नये. खारफुटीतील लाकडी पायवाट आणि ओहोटीला उघडा पडणारा चिखल पाहण्यास अख्खी सकाळ हवी. परतताना धवळेश्वरम.

अनेक सहलींत पापिकोंडलूच्या नौकाफेरीलाच अधिक महत्त्व असते. ते खोरे रम्य खरे, परंतु राजमहेंद्रवरमच्या वरच्या अंगाला आहे; त्रिभुज प्रदेशात नव्हे. तेथेच १५ सप्टेंबर २०१९ रोजी, नदीला पूर असताना, कच्चुलुरूजवळ पर्यटक नौका बुडून पन्नासच्या आसपास जीव गेले. पावसाळा आणि त्यामागून येणारा चक्रीवादळांचा काळ टाळून जानेवारी-फेब्रुवारी निवडावा. नौकेचा परवाना व प्रवासीक्षमता आयोजकाकडून आधीच विचारून घ्यावी. लाइफ जॅकेट अंगावर चढल्याविना नौकेला धक्का सोडू देऊ नये.