पर्यायी शब्दयोजना : अर्थबोधाच्या साधनापासून लेखनचौर्याच्या आवरणापर्यंत

प्रस्तावना

मूळ मजकुरातील शब्द काढून त्यांच्या जागी समानार्थी शब्द घालावयाचे आणि तयार झालेले लेखन स्वतःचे म्हणून सादर करावयाचे, ही प्रवृत्ती आज उच्च शिक्षणाच्या क्षेत्रात चिंतेचा विषय ठरली आहे. तथापि शब्दाला पर्याय शोधण्याची पद्धती मुळात भाषाशिक्षणाचा मान्य भाग होती. अर्थाची जाण वाढविणारे हे साधन लेखनचौर्य झाकण्याचे साधन कसे बनले, याचा मागोवा घेण्याचा प्रयत्न प्रस्तुत लेखात केला आहे.

अध्यापनाची परंपरा

इ. स. पहिल्या शतकातील रोमन शिक्षक क्विंटिलियन याने दुसऱ्याचा आशय स्वतःच्या भाषेत मांडण्याचा सराव उपयुक्त मानला होता. मात्र समानार्थी शब्दांच्या याद्या पाठ करून त्यांतील हाताला लागेल तो शब्द वापरणे त्याला पोरकटपणाचे वाटत असे. पुढे 1512 मध्ये इरॅस्मस याने 'दे कोपिआ' हा ग्रंथ प्रसिद्ध केला. पत्र मिळाल्याचा आनंद व्यक्त करणारे एकच साधे वाक्य त्याने ग्रंथाच्या नंतरच्या आवृत्तीत सुमारे दोनशे प्रकारांनी लिहून दाखविले. परंतु कोणतेही दोन शब्द सर्वस्वी सारखे नसतात, हे बजावण्यासही तो विसरला नाही. ग्राम्य, जुनाट, काव्यात्म अशा शब्दांतील भेद विद्यार्थ्याला कळावा, हा त्या सरावाचा हेतू होता.

भारतीय परंपरेत अमरसिंहाच्या 'नामलिंगानुशासना'ने, म्हणजेच अमरकोशाने, हेच कार्य निराळ्या मार्गाने केले. अर्थानुसार एकत्र केलेले शब्द श्लोकबद्ध असल्याने ते मुखोद्गत होत व शब्दाच्या लिंगाचेही ज्ञान मिळे. वृत्तात बसणारा आणि प्रसंगाला शोभणारा शब्द निवडण्याचे काम मात्र कवीचेच राहिले.

कोशाकडून यंत्राकडे

कोलब्रुक याने संपादित केलेला अमरकोश इंग्रजी अर्थांसह 1808 मध्ये श्रीरामपूर (बंगाल) येथे छापला गेला. पीटर मार्क रोजे या वैद्याने 1852 मध्ये आपला 'थिसॉरस' प्रसिद्ध करताना प्रस्तावनेत त्याचा उल्लेख केला आहे. त्यातील वर्गीकरण त्याला समाधानकारक वाटले नाही, ही गोष्ट वेगळी. मनात आलेल्या कल्पनेसाठी नेमका शब्द सापडावा, यासाठी रोजेने कोश रचला होता. म्हणजे वाट कल्पनेकडून शब्दाकडे जात होती.

संगणकीय साधनांनी कल्पनेचा टप्पाच वगळला. लंडनच्या मिडलसेक्स विद्यापीठातील अध्यापक ख्रिस सॅडलर यांना विद्यार्थ्यांच्या लेखनात 'लेफ्ट बिहाइंड' (मागे पडलेले) याऐवजी 'सिनिस्टर बटक्स' (अशुभ नितंब) असा प्रयोग आढळला. या प्रकाराला त्यांनी दिलेले 'रोजेटिंग' हे नाव 2014 मध्ये चर्चेत आले. 2021 मध्ये कॅबनॅक, लाबे व मॅगाझिनॉव्ह या संशोधकांनी प्रकाशित शोधनिबंधांतील असेच प्रयोग उजेडात आणले. 'आर्टिफिशियल इंटेलिजन्स' या संज्ञेचे तेथे 'काउंटरफिट कॉन्शसनेस', म्हणजे 'बनावट जाणीव', झाले होते. हे निबंध संपादनाच्या चाळणीतून पार पडले होते, ही बाब अधिक गंभीर आहे.

इतिहासलेखनातील धोका

'आशेवर पाणी फिरले' याचे 'आशेवर जल फिरले' केल्यास वाचक हसेल आणि चूक तेथेच उघडी पडेल. इतिहासलेखनात ती लपून राहते. 'वतन', 'इनाम' व 'जहागीर' या तिन्हींच्या जागी 'जमीन' लिहिले, तर त्यांमागील हक्कांचे व सेवेचे वेगवेगळे संबंध पुसले जातात. 1857 च्या घटनेला 'बंड', 'उठाव' की 'स्वातंत्र्ययुद्ध' म्हणावे, हा तर अभ्यासकाच्या भूमिकेचा प्रश्न आहे. तेथे यंत्राने शब्द बदलला की लेखकाच्या नकळत प्रतिपादनच बदलते.

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 2018 च्या विनियमांत दहा टक्क्यांपर्यंतच्या साम्यास दंड नाही. लेखनचौर्याला आळा घालण्यासाठी हे विनियम आवश्यकच होते. परंतु टक्केवारी हीच एकमेव कसोटी मानली गेल्यास विद्यार्थी अर्थाऐवजी आकडा सांभाळू लागतो. अहवालातील आकडा पाहून प्रबंधावर स्वाक्षरी करणारा मार्गदर्शकही या दोषातून सर्वस्वी मुक्त राहत नाही.

निष्कर्ष

पर्यायी शब्दयोजना स्वभावतः दोषास्पद नाही. शब्द निवडण्याची जबाबदारी लेखकाने सोडली की ती दोषास्पद होते. आशय समजून घेऊन तो स्वतःच्या भाषेत मांडला, तरीही मूळ लेखकाचा निर्देश करणे आवश्यकच असते. म्हणून आपण अध्यापकांनी विद्यार्थ्याला 'किती टक्के साम्य आले?' असे विचारण्यापूर्वी 'हाच शब्द का निवडला?' असे विचारावयास हवे. ज्याने आशय जाणून लिहिले आहे, त्याला या प्रश्नाचे उत्तर देणे जड जाणार नाही.